नबाती लोक: इतिहास, देवदेवता आणि शिलालेख (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

पेट्राचा फोटो पाहिला नाही असा माणूस आता विरळा. पण तो डोंगर कोणी कोरला, ते लोक कोणती भाषा लिहीत आणि कोणाला भजत, असं विचारलं की बहुतेक जण थांबतात. माझा जीव जडला तो त्यांच्या अक्षरांवर, म्हणून इथे शिलालेखांबद्दल जरा जास्त बोललो आहे. नबाती लोकांनी स्वतः लिहिलेला इतिहासग्रंथ आपल्यापर्यंत आलेला नाही. त्यांचं म्हणणं त्यांच्याच तोंडून ऐकायचं तर दगडाकडेच जावं लागतं.

नबाती म्हणजे नेमके कोण?

अरब वंशाचे लोक. आजच्या जॉर्डनचा दक्षिण भाग हा त्यांचा गाभा. तिथून उत्तरेला दक्षिण सीरियापर्यंत, पश्चिमेला नेगेवचं वाळवंट आणि सिनाईपर्यंत, दक्षिणेला सौदी अरेबियातल्या हेग्रापर्यंत त्यांचा वावर होता. पेट्रा हे नाव ग्रीकांनी दिलेलं, अर्थ ‘खडक’. ते स्वतः राजधानीला रक्मू म्हणत. स्वतःला ‘नबतू’ म्हणत, आणि त्यांच्या नाण्यांवर व लेखांवर राजाचा उल्लेख ‘नबतूंचा राजा’ असाच येतो.

त्यांचा सर्वांत जुना सविस्तर वृत्तांत कोणता?

इ.स.पू. 312 च्या घटनांचा. अलेक्झांडरनंतर त्याच्या सेनापतींमध्ये भांडणं जुंपली होती. त्यांपैकी अँटिगोनसने अथेनेअस नावाचा सरदार 4,000 पायदळ आणि 600 घोडेस्वार देऊन नबातींवर धाडला. पुरुष मंडळी जत्रेला गेलेली. खडकावर बायका, मुलं आणि म्हातारे मागे राहिलेले. सैन्याने रात्री धाड घातली आणि लोबान, हिराबोळ व सुमारे 500 टॅलंट (तेव्हाचं एक मोठं वजन) चांदी लुटली. (हिराबोळ म्हणजे आपल्याकडे बाळंतिणीच्या औषधांत असतो तोच.) परतीच्या वाटेवर थकलेलं सैन्य निर्धास्त झोपलं असताना नबातींनी त्याला गाठलं. जेमतेम पन्नासेक घोडेस्वार निसटले.

ही हकीकत डायोडोरस या ग्रीक इतिहासकाराने लिहून ठेवली आहे. तिच्यात मला सगळ्यांत मोलाचं वाटतं ते लढाईनंतरचं. नबातींनी अँटिगोनसला पत्र पाठवलं, तेही ‘सिरियाई अक्षरांत’, म्हणजे अरामी लिपीत. तंबूत राहणारे म्हणून ज्यांची ओळख करून दिली जाते, त्यांच्याकडे तेव्हाच लिहिणारा माणूस होता आणि राजकारणासाठी लेखणी कशी वापरायची याची जाणही होती.

ते भटके होते की शहरवासी?

दोन्ही, पण वेगवेगळ्या काळात. डायोडोरस सांगतो की त्यांच्यात धान्य पेरायचं नाही, फळझाड लावायचं नाही, दारू प्यायची नाही, घर बांधायचं नाही असा दंडक होता आणि मोडणाऱ्याला मृत्युदंड होता. कारणही देतो: शेत आणि घर आलं की माणूस धनदांडग्यांच्या मुठीत सापडतो.

सुमारे तीनशे वर्षांनी स्ट्रॅबो हा ग्रीक भूगोलकार लिहितो तेव्हा चित्र पार पालटलेलं असतं. दगडी घरं, बागा, तेरा-तेरा जणांच्या पंगती, गाणाऱ्या दोन बायका, आणि सोन्याच्या पेल्यांतून अकरापेक्षा जास्त वेळा न पिण्याची रीत. राजा इतका लोकांतला की पाहुण्यांना स्वतः वाढतो. आपसांत खटले भरत नाहीत, कोर्टात दिसतात ते परदेशीच, असंही त्याच्या पेट्रात राहिलेल्या मित्राने त्याला सांगितलं होतं. अर्थात दोघेही बाहेरचे लेखक, आणि ऐकीव माहितीवर लिहिणारे. एक उदाहरण पुढे थडग्यांच्या प्रश्नात येईल.

एवढी श्रीमंती कुठून आली?

वासातून, असं म्हटलं तर चुकणार नाही. दक्षिण अरबस्तानात लोबान आणि हिराबोळ पिके. भूमध्य समुद्राकाठच्या प्रत्येक देवळात आणि अंत्यविधीत त्याला मागणी. मधलं वाळवंट उंटांच्या तांड्यांनी ओलांडायचं, आणि त्या वाटांवरची पाण्याची ठिकाणं नबातींना ठाऊक. शिवाय मृत समुद्रात तरंगणारं डांबर काढून ते इजिप्तला विकत. तिथे ते प्रेतं टिकवण्यासाठी लागे. अँटिगोनसने हा धंदा हिसकायचा प्रयत्न केला, तेव्हा बोरूच्या तराफ्यांवरून येऊन नबातींनी त्याच्या माणसांवर बाणांचा वर्षाव केला.

पाण्याचं तंत्र खरंच इतकं विलक्षण होतं का?

हो. पेट्रात पाऊस वर्षाला थोडाच, पण येतो तो लोंढ्यासारखा. एक काम लोंढा अडवण्याचं, दुसरं थेंब साठवण्याचं. शहरात शिरण्याची वाट म्हणजे सिक, सव्वा किलोमीटरच्या आसपास लांबीची अरुंद खिंड. तिच्या तोंडाशी बांध घालून आणि बोगदा कोरून त्यांनी पुराचं पाणी बाहेरून वळवलं. खिंडीच्या भिंतींत कोरलेला पाट आणि भाजलेल्या मातीच्या नळांची ओळ आजही दिसते. 1963 साली सिकमध्ये पूर घुसून वीसहून अधिक पर्यटक दगावले. त्यानंतर बांध पुन्हा बांधला गेला, तोही नबाती बांधाच्याच जागी.

आपल्या गडांवरची खोदीव टाकी ज्यांनी पाहिली आहेत त्यांना नबाती टाकं चटकन ओळखता येईल. फक्त तोंड फार लहान आणि आत पोट मोठं. गिलावा करायचा, तोंड झाकायचं आणि खूण फक्त आपल्या माणसांना ठाऊक ठेवायची. शत्रू तहानेने परत जाई.

राजांपैकी कोण लक्षात ठेवावेत?

सगळी यादी देत नाही. हारिसा तिसरा (ग्रीक लेखनात अरेटस) याने इ.स.पू. 84 च्या सुमारास दमास्कस ताब्यात घेतलं आणि तिथे ग्रीक धाटणीची नाणी पाडली. त्याच्याच काळात रोमन सेनापती स्कॉरस पेट्रावर चालून आला आणि 300 टॅलंट घेऊन परतला. पुढे इ.स.पू. 58 मध्ये त्याने रोममध्ये नाणं काढलं, त्यावर उंटाशेजारी गुडघे टेकलेला हारिसा आहे. पैसे घेऊन मागे फिरलेल्या स्वारीचा हा असा विजय. नाण्यावरचं सगळंच खरं धरायचं नसतं, ते यासाठी.

सर्वांत मोठा राजा हारिसा चौथा, इ.स.पू. 9 ते इ.स. 40. बिरुद ‘आपल्या लोकांवर प्रेम करणारा’. पेट्रा आणि हेग्रातली पुष्कळशी भव्य कामं त्याच्या काळातली. त्याची मुलगी गालीलचा शासक हेरोद अँटिपासला दिली होती. त्याने तिला सोडून हेरोदियाशी लग्न केलं, तेव्हा हारिसाने युद्ध करून जावयाच्या सैन्याचा धुव्वा उडवला. बायबलमध्ये ख्रिस्ती धर्मप्रचारक पॉलला दमास्कसच्या तटावरून टोपलीतून खाली सोडल्याचा प्रसंग आहे. तिथे ज्या राजाचा अधिकारी शहरावर पहारा ठेवून होता, तो राजाही हाच.

राण्यांनाही विसरू नये. हारिसा चौथ्याच्या नाण्यांवर आधी हुल्दू आणि नंतर शकीलत राजाच्या जोडीने दिसतात. शेवटचा राजा रब्बेल दुसरा लहान असताना त्याची आई, दुसरी शकीलत, कारभार पाहत होती.

राज्य संपलं कसं?

इ.स. 106 मध्ये सम्राट ट्राजनने ते रोमन साम्राज्यात घेतलं आणि ‘अरेबिया’ प्रांत केला. नाण्यांवर ‘अरेबिया मिळवली’ असं लिहिलं, ‘जिंकली’ असं नाही. उत्तरेच्या बोस्त्रापासून तांबड्या समुद्रापर्यंत नवा रस्ता बांधला गेला. लोक मात्र तिथेच राहिले. सिनाईतले काही लेख तर या प्रांताच्या शकानेच वर्ष मोजतात. पुढे इ.स. 363 च्या भूकंपाने पेट्राचं मोठं नुकसान केलं, तरी सहाव्या शतकात तिथे चर्च होतं आणि मालमत्तेचे व्यवहार ग्रीकमध्ये लिहिले जात होते. 1993 मध्ये त्या चर्चच्या जागेत जळून कोळसा झालेल्या सुमारे 140 गुंडाळ्या सापडल्या, त्यावरून हे कळलं.

त्यांचा मुख्य देव कोण?

दूशरा. शब्दशः ‘शरा’चा, म्हणजे पेट्राजवळच्या शरा डोंगराचा स्वामी. आपल्याकडे जेजुरी म्हटलं की खंडोबा, तशी देवाची ओळखच जागेवरून. ग्रीकांनी त्याला कधी झ्यूस, कधी डायोनिसस ठरवलं. त्याच्यासोबत अल-उझ्झा, अल्लात आणि मनात (नबाती लेखांत मनोतू) या देवी येतात. कुराणात ज्या तीन देवींचा उल्लेख आहे, त्या याच. हुबल हे नावही एका नबाती लेखात आहे. मक्केच्या संदर्भात ते नाव येण्याच्या कितीतरी शतकं आधीचा तो लेख.

आणखी दोन देव मला फार आवडतात. एक अल-कुत्बा, लेखनाचा देव. आपण ‘किताब’ म्हणतो त्याच धातूतून आलेलं नाव. दुसरा शय-अल-कौम, लोकांचा सांगाती. सीरियातल्या पाल्मिरात इ.स. 132 मध्ये एका नबाती घोडेस्वाराने त्याला वेद्या अर्पण केल्या, आणि लेखात त्याचं वर्णन ‘जो दारू पीत नाही तो’ असं आहे. डायोडोरसने सांगितलेला जुना दंडक देवाच्या रूपात टिकून राहिला असावा, असं मला वाटतं. त्याच काळात दूशराच्या नावाने पेल्यांच्या पंगती झडत होत्या. एकाच समाजात दोन्ही चाली नांदत होत्या.

त्यांच्या देवांना चेहरा का नसतो?

पेट्रात फिरताना भिंतीत कोरलेले कोनाडे आणि त्यांत नुसता उभा आयताकृती दगड, असं ठिकठिकाणी दिसतं. बरेच जण न पाहता पुढे जातात. तो देव आहे. नबाती शब्द ‘नसीबा’, म्हणजे उभा केलेला दगड. मराठी माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही. आपल्याकडे तांदळा असतो: नाक-डोळे न घडवलेला पाषाण, आणि तरी तीच देवी. नंतरच्या एका ग्रीक कोशात पेट्रातल्या दूशराचं वर्णन आहे: न घडवलेला काळा चौकोनी दगड, चार फूट उंच, दोन फूट रुंद, खाली सोन्याची बैठक. बळीचं रक्त त्याच्यावर ओतत.

अल-उझ्झाच्या काही दगडांना दोन चौकोनी डोळे आणि मध्ये नाकाची सरळ पट्टी असते. पेट्रातल्या पंखधारी सिंहांच्या देवळात असा एक सुंदर दगड सापडला. खाली ओळ आहे: ‘नयबातचा मुलगा हय्यान याची देवी’. मी तिचा फोटो कितीतरी वेळ पाहत बसलो होतो. चेहरा अगदी मोजक्या रेघांचा, पण नजर आहे. आपल्याकडे पाषाणावर चांदीचे डोळे बसवतात, त्याची आठवण होते. दोन्ही चालींचा एकमेकींशी काही संबंध आहे असं मात्र कोणी समजू नये.

मानवाकृती मूर्तीही त्यांच्याकडे होत्या, विशेषतः खिरबत अत-तन्नूर इथल्या देवळात. ‘नबाती मूर्ती करतच नसत’ हे विधान अर्धवट आहे.

राजालाही देव मानत?

ओबोदस नावाच्या राजाला मानत. नेगेवमधलं ओबोदा (आजचं अवदात) त्याच्या नावाने. तिथून जवळच एन अवदात इथे सापडलेल्या लेखात ‘देव ओबोदस’ आहे, आणि त्याच लेखात मध्येच दोन ओळी अरबी भाषेत आहेत. बाकी लेख अरामी. देवासमोर मन मोकळं करताना लिहिणारा आपल्या घरच्या भाषेवर आला, असा माझा अंदाज.

म्हणजे ते बोलत एक भाषा आणि लिहीत दुसरी?

हो. बोली अरबी, लेखन अरामीत. अरामी ही तेव्हा त्या सगळ्या भागाची कारभाराची भाषा होती. व्यक्तिनावं मात्र बहुतेक अरबी, आणि कायद्याचे शब्द लिहिताना अरबी शब्द अधूनमधून डोकावतात.

थडग्यांवर काय लिहिलेलं असतं?

हा माझा सर्वांत आवडता प्रश्न. पेट्रात थडगी शेकड्यांनी, पण लेख मोजके. हेग्रात मात्र तीसहून अधिक थडग्यांवर मोठे लेख आहेत, बहुतेक तारीख घातलेले. ती मृत्युलेखासारखी हळवी वाक्यं नाहीत. ते मालकीहक्काचे दस्त आहेत, थेट दारावर कोरलेले.

एकच पाहू. काळ हारिसा चौथ्याचं नववं वर्ष, तेबेत महिना, म्हणजे इसवी सन सुरू होण्याच्या उंबरठ्यावरचा हिवाळा. हे थडगं कमकम आणि तिची मुलगी कुलैबत यांनी स्वतःसाठी आणि आपल्या वंशजांसाठी केलं, असं सुरुवातीला लिहिलं आहे. मग शाप. जो हे थडगं विकेल, विकत घेईल, गहाण टाकेल, बक्षीस देईल, आतलं शरीर किंवा अवयव हलवेल, किंवा परक्याला आत पुरेल, त्याला दूशरा, अल्लात आणि मनोतू शापोत. पाठोपाठ दंड, त्यात पुजाऱ्याला 1,000 हारिसी सेला (हारिसाची नाणी). आणि मग वकिलाला शोभेल अशी पळवाट: कोणाकडे कमकमच्या किंवा कुलैबतच्या हातचा लेखी कागद असेल, तर तो कागद ग्राह्य. शेवटी कारागिराचं नाव: अब्दओबोदतचा मुलगा वहबल्लाही.

यात पुरुष मालक नाहीच. आई आणि मुलगी, त्यांच्याच नावावर मिळकत, त्यांच्याच सहीला किंमत. असे बायकांचे लेख हेग्रात आणखीही आहेत. दुसऱ्या एका लेखात दस्ताची प्रत कैशा या देवाच्या देवळात ठेवली आहे, असं नोंदवलं आहे. आपल्याकडे शिलाहारांच्या दानलेखांखाली गद्धेगाळ कोरत, दान मोडणाऱ्याला शाप देत. तिथला शाप वेगळा, पण भीती तीच: आपल्यामागे ही जागा कोणीतरी बळकावेल.

आता स्ट्रॅबोची चूक. तो म्हणतो, नबाती मृतदेहाला शेणाइतकीच किंमत देतात. ज्यांनी मेलेल्यांसाठी डोंगर कोरले त्यांच्याबद्दल हे! एका फ्रेंच अभ्यासकाने सुचवलेला उलगडा मला पटतो: नबातीत थडग्याला ‘कफ्र’ म्हणत आणि ग्रीकमध्ये शेणाला ‘कोप्रोस’. ऐकण्यात गफलत झाली.

हेग्रा आणि ‘मदाइन सालेह’ एकच का? तिथली थडगी समूद लोकांची नाहीत?

जागा एकच. अरबी परंपरेत अल-हिज्र (हेग्राचंच अरबी नाव) हे कुराणात येणाऱ्या प्राचीन समूद लोकांचं ठिकाण मानलं जातं, पण आज दिसणारी कोरीव थडगी नबाती आहेत. ते लेखांतच लिहिलेलं आहे. 2008 मध्ये ही जागा जागतिक वारसा यादीत आली, सौदी अरेबियातली पहिली. (पेट्रा 1985 पासून आहे.) एकाकी खडकात कोरलेलं कस्र अल-फरीद जरूर पाहावं. ते अर्धवट राहिलं, खालचा भाग ओबडधोबडच आहे, आणि म्हणूनच काम वरून खाली होत असे हे तिथे दिसतं. वेरूळचं कैलास पाहिलेल्याला ही पद्धत नवी नाही.

‘अल-खझना’ खजिना होता का?

नाही, तेही थडगंच. ‘खझना’ आणि आपला ‘खजिना’ शब्द एकच. वरच्या कलशात धन दडलंय या समजुतीने त्यावर गोळ्या झाडल्या गेल्या, खुणा आजही आहेत. कलश भरीव दगडाचा आहे.

1812 मध्ये पेट्राचा ‘शोध’ लागला, हे बरोबर?

युरोपला लागला. योहान बुर्कहार्ट हा स्विस प्रवासी शेख इब्राहिम या नावाने फिरत होता. हारूनच्या (बायबलमधल्या मोझेसच्या भावाच्या) कबरीपाशी बकरा कापायचा नवस आहे, असं सांगून तो आत गेला. ज्या वाटाड्याने त्याला नेलं, त्याला वाट माहीतच होती. तिथल्या बेदुइन कुटुंबांनी ती जागा कधी हरवली नव्हती.

अरबी लिपी नबातीतून आली, हे कितपत खरं?

आज बहुतेक अभ्यासक हेच मानतात. नबातीत 22 अक्षरं. शाईने भराभर लिहिताना ती एकमेकांना जोडली जाऊ लागली आणि रूपं एकसारखी होत गेली. मोडी वाचणाऱ्याला हे लगेच कळेल: हात न उचलता लिहिलं की अक्षरांची ओळख पुसट होते, आणि शब्द आधी माहीत असला तरच तो नीट वाचता येतो. नबातीत ‘द’ आणि ‘र’ एकसारखेच दिसतात. अरबीला पुढे नुक्ते द्यावे लागले, त्याचं मूळ यातच आहे.

टप्पेही दगडावर आहेत. हेग्रातला इ.स. 267 चा एक लेख अरामी-अरबी मिश्र भाषेत. सीरियातल्या नमारा इथला इ.स. 328 चा लेख नबाती लिपीत पण अरबी भाषेत, इम्रुल-कैस या राजाच्या थडग्यावरचा. तो आता पॅरिसच्या लुव्र संग्रहालयात आहे. त्यानंतर सौदी अरेबियाच्या उत्तर-पश्चिमेत मधल्या रूपांचे लेख मिळतात, आणि पाचव्या-सहाव्या शतकांत अक्षरं अरबी म्हणून ओळखू येतात.

महाराष्ट्राशी काही धागा?

एक आहे, आणि तो कागदोपत्री पक्का आहे. पहिल्या शतकात एका ग्रीक भाषक व्यापाऱ्याने लिहिलेल्या ‘पेरिप्लस’मध्ये तांबड्या समुद्रावरचं ल्यूके कोमे बंदर येतं. तिथून नबातींचा राजा मालिखस याच्या पेट्राकडे वाट जाते, आणि येणाऱ्या मालावर चौथा हिस्सा जकात घेणारा अधिकारी तिथे बसतो, असं तो सांगतो. त्याच पुस्तकात पुढे भडोच, सोपारा, कल्याण आणि चौल ही बंदरं आहेत, आणि घाटावरची पैठण व तेर ही गावंही. नाणेघाटातून माल कोकणात उतरत होता, त्याच काळात पलीकडे नबातींचे उंट चालत होते, आणि दोन्ही टोकं एकाच माणसाच्या टिपणांत आहेत. सह्याद्रीतल्या लेण्यांवर नबातींचा प्रभाव वगैरे जे लिहिलं जातं, त्याला मात्र आधार नाही.

मला नबाती वाचायला शिकायचं आहे. सुरुवात कुठून करू?

राजांच्या लेखांपासून नको, वाटसरूंच्या ओरखड्यांपासून करा. सिनाईत, विशेषतः वादी मुकत्तबमध्ये, असे हजारो आहेत. सहाव्या शतकात कॉस्मस या प्रवाशाला (आपल्या कल्याणची नोंद करणारा हाच) ते मोझेससोबत निघालेल्या इस्रायली लोकांचे वाटले होते. 1840 मध्ये बेअर या जर्मन अभ्यासकाने अक्षरं लावली, तेव्हा ते नबाती निघाले. बहुतेकांत मजकूर एवढाच: शांती, अमुक, तमुकचा मुलगा. किंवा: अमुकची आठवण चांगल्यासाठी राहो.

उजवीकडून पहिली तीन अक्षरं पाहा. फाटे असलेला ‘श’. मग उभी उंच रेघ, तो ‘ल’, अरबीतल्या लामसारखाच. मग शेवटी बंद गाठीचा ‘म’. श-ल-म. आपला ‘सलाम’ याच धातूचा. त्यापुढे जे येईल ते माणसाचं नाव, आणि नावानंतर ‘बर’ म्हणजे मुलगा. एवढं ओळखता आलं की सिनाईतले निम्मे ओरखडे तुम्हाला वाचता येतील.